हप्ता झेपतो, पण घर केवढ्याला पडतं?

स.न.वि.वि. मी ३१ वर्षांची, पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते. नवरा ३३ वर्षांचा, चाकणला एका कारखान्यात क्वालिटी विभागात आहे. दोघांचे मिळून १ लाख ५ हजार हातात येतात, त्यातले माझे ३८ हजार. भोसरीत १८ हजार भाडं भरून राहतो. मोशीत एका नव्या प्रकल्पात टू बीएचके बघितलाय. कराराची किंमत ६५ लाख, ताबा दोन वर्षांनी. बँक ५० लाख द्यायला तयार आहे, साडेआठ टक्के, फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराने. बँकेचा माणूस म्हणतो, ३० वर्षांची मुदत घ्या, हप्ता साडेअडतीस हजारांच्या आत बसतो. नवऱ्याला ते पटलंय. जमेल तसे मध्ये पैसे भरू म्हणतो. मला २० वर्षांचं बरं वाटतं, पण मग हप्ता ४३ हजारांच्या वर जातो. सासरे म्हणतात, कर्जाचं घर म्हणजे दुप्पट पैसे बँकेच्या घशात. सोनं मोडून येणारे ३ लाख धरले तर आमच्याकडे २४ लाख आहेत. एजंटने त्याच भागात आठ वर्षं जुना फ्लॅट ५५ लाखांत दाखवला होता, पण घरात सगळ्यांना नवाच हवाय. दोन-तीन वर्षांत मूल व्हावं असं मनात आहे. माझ्या भावाने २०२१ मध्ये ४० लाखांचं कर्ज घेतलं. हप्ता तोच आहे, पण मुदत कुठल्या कुठे गेली. ते बघून धास्ती वाटते. २० घ्यावं की ३०?
एक वाचक, भोसरी

नमस्कार.

पत्रात तुम्ही सगळे आकडे नीट मांडलेत, म्हणून उत्तरही आकड्यांनीच देते. जो आकडा तुम्हाला अजून कुणी सांगितलेला नाही, त्यापासून सुरुवात करू.

५० लाख, साडेआठ टक्के, ३० वर्षं. हप्ता ३८,४४६ रुपये. असे ३६० हप्ते भरलेत की १ कोटी ३८ लाख ४० हजार होतात, त्यातलं व्याज ८८ लाख ४० हजार. तेच कर्ज २० वर्षांत फेडलंत तर हप्ता ४३,३९१, एकूण भरणा १ कोटी ४ लाख १४ हजार आणि व्याज ५४ लाख १४ हजार. दोन हप्त्यांमध्ये फरक ४,९४५ रुपयांचा. व्याजातला फरक सव्वाचौतीस लाखांचा. महिन्याचे पाच हजार तुमच्या घरात लहान रक्कम नाही, हे मला कळतं. पण ते वाचवण्याची किंमत एवढी आहे, आणि ती तुमच्या घरात कुणीतरी मोठ्याने बोलायला हवी.

एवढा फरक पडतो कसा, ते पहिल्याच हप्त्यात दिसतं. व्याज लागतं शिल्लक मुद्दलावर. ५० लाखांवर पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७ रुपये. मुदत २० असो वा ३०, ते तेवढंच. २० वर्षांच्या हप्त्यातून ते वजा केलं की ७,९७४ रुपये उरतात आणि तेवढं मुद्दल कमी होतं. ३० वर्षांच्या हप्त्यातून उरतात ३,०२९. म्हणजे हप्ता फक्त तेरा टक्क्यांच्या आसपास मोठा, पण मुद्दल फेडण्याचा वेग अडीच पटीहून जास्त. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात असं धरा. ३० वर्षांच्या कर्जात तुमचे २३ लाख ७ हजार गेलेले असतील आणि मुद्दल उतरलेलं असेल जेमतेम सव्वादोन लाख. ४७ लाख ७५ हजार अजून बाकी. २० वर्षांच्या कर्जात २६ लाख गेलेले असतील, पण त्यातले ५ लाख ९४ हजार मुद्दलात जमा झालेले असतील. उद्या यजमानांनी नोकरी बदलली, गाव बदलावं लागलं, फ्लॅट विकायला काढलात, तर बँक हाच बाकीचा आकडा समोर ठेवणार आहे.

आता तुमच्या सासऱ्यांचं म्हणणं. हिशेबाने ते बरोबर आहे: २० वर्षांत ५० लाखांचे १ कोटी ४ लाख होतात, दुप्पटच. पण ते अर्धंच चित्र आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनी भरायच्या ४३,३९१ रुपयांची किंमत आजच्या भावात साधारण १६,३०० रुपये असेल. पगार वाढत जातात, हप्ता वाढत नाही, निदान व्याजदर वाढेपर्यंत तरी. शिवाय भाडंही फुकट नाही. आजचे १८ हजार दरवर्षी पाच टक्क्यांनी वाढले, तर वीस वर्षांत भाड्याचे ७१ लाख होतात आणि शेवटी हातात काही राहत नाही. तेव्हा सासऱ्यांना सांगा की कर्ज घेण्यात चूक नाही. किती घ्यायचं आणि पहिल्या काही वर्षांत त्याच्याशी कसं वागायचं, एवढंच ठरवायचं आहे.

तुमचे यजमान म्हणतात, मुदत लांब घेऊ आणि मध्ये मध्ये भरू. कागदावर हे अगदी बरोबर आहे. व्यक्तीने घेतलेल्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँक लावू शकत नाही. ३० वर्षांची मुदत घेऊन दर महिन्याला ४,९४५ रुपये जादा भरत राहिलात, तर कर्ज वीस वर्षांतच फिटेल आणि अडचणीच्या महिन्यात छोटा हप्ता भरायची सोयही राहील. पण ‘जमेल तसे’ हे शब्द मला सर्वांत धोक्याचे वाटतात. बारसं, गाडी, शाळेची ॲडमिशन, आई-वडिलांचं ऑपरेशन, दरवर्षी काहीतरी येतंच, आणि त्यापुढे बँकेत जाऊन जादा पैसे भरणं मागे पडतं. पहिल्या महिन्यापासून खात्यातून आपोआप जादा रक्कम वळती होईल असं करणार असाल, तरच त्यांच्या बाजूने मत देईन. आणि जादा भरणा केलात की बँकेला लेखी सांगायचं: हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. काही ठिकाणी न सांगता हप्ताच कमी करून ठेवतात, आणि मग जादा पैसे भरल्याचा बराचसा फायदा हातचा जातो.

३० वर्षांच्या कर्जात आणखी एक गोष्ट लपलेली असते, तिचा विचार फार कमी जण करतात. पहिल्या महिन्याचा हप्ता ३८,४४६ आणि व्याज ३५,४१७, म्हणजे मध्ये मोकळी जागा तीन हजारांची. व्याजदर साडेआठवरून साडेनऊ झाला, तर ५० लाखांवरचं महिन्याचं व्याजच ३९,५८३ होतं. पूर्ण हप्ता भरूनही व्याज भागत नाही! मग मुदत वाढवायलाही वाव उरत नाही, हप्ता वाढवावाच लागतो. एक टक्का वाढणं हे दूरचं भय नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला होता. पुढे २०२५ मध्ये तो पुन्हा खाली आला, हेही खरं. पण वीस-तीस वर्षांच्या कर्जात असे चढउतार अनेकदा येणार, हे धरूनच चालायचं.

तुमच्या भावाचं नेमकं हेच झालंय. २०२१ मध्ये दर सातच्या आसपास होते. ४० लाख, ७ टक्के, २० वर्षं, तर हप्ता ३१,०१२. दीड वर्षाने बाकी राहिलं साडेअडतीस लाख. समजायला सोपं जावं म्हणून दर एकदम ९ टक्के झाला असं धरू. आता नुसतं व्याज २८,९१० रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाकडे जातात फक्त दोन हजार शंभर, आणि जे कर्ज साडेअठरा वर्षांत फिटणार होतं त्याला पूर्ण तीस वर्षं लागतात. हप्ता बदलला नाही म्हणून घरात कुणाला काही जाणवत नाही. आपलं कर्ज महाग झालंय हे कळायला नोकरीतून निवृत्तीचं वर्ष आणि शेवटच्या हप्त्याचं वर्ष शेजारी लिहून बघावं लागतं. तुम्हीही तेच करा: यजमान आज ३३, कर्ज ३० वर्षांचं, म्हणजे शेवटचा हप्ता वयाच्या ६३ व्या वर्षी. कारखान्यात निवृत्ती ५८ ला असेल, तर शेवटची पाच वर्षं हप्ता कशातून भरणार?

पण खरं सांगू का, तुमचं पत्र दुसऱ्यांदा वाचल्यावर २० की ३० यापेक्षा मला काळजी वाटली ती त्या २४ लाखांची.

६५ लाखांच्या करारात तुमचे १५ लाख. पिंपरी-चिंचवड हद्दीत मुद्रांक शुल्क, स्थानिक अधिभार आणि मेट्रो सेस मिळून ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. नोंदणी शुल्क ३० हजार. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटी ५ टक्के, ३ लाख २५ हजार. एकूण २३ लाख १० हजार. बँकेची प्रोसेसिंग फी, वकील, सोसायटीचा आगाऊ मेंटेनन्स आणि फर्निचर यात अजून आलेलं नाही, आणि तुमचे पैसे मात्र जवळजवळ संपले. सोनं तर आधीच मोडलेलं. ताब्याच्या वेळी किचन ट्रॉली आणि वॉर्डरोबसाठी लोक पर्सनल लोन काढतात, ते असंच. गृहकर्जापेक्षा कितीतरी महाग कर्ज, तेही हप्ता नुकताच सुरू झालेला असताना.

त्यात ताबा दोन वर्षांनी. बिल्डरला पैसे बांधकामाच्या टप्प्याटप्प्याने जातात आणि जेवढे गेले तेवढ्यावर तुम्ही नुसतं व्याज भरता, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. दोन वर्षांत सरासरी २५ लाख उचलले गेले असं धरलं, तर महिन्याला १७,७०८ रुपये, दोन वर्षांत सव्वाचार लाख. मुद्दल एक रुपयाने कमी होत नाही. शेजारी भोसरीचं भाडं चालूच, तेही तेवढंच, सव्वाचार लाखांच्या वर. शेवटच्या टप्प्यात ४५ लाख उचललेले असतील तेव्हा व्याज आणि भाडं मिळून पन्नास हजार रुपये महिना होतील. बँकेने दाखवलेल्या हप्त्याच्या कागदावर हा काळ कुठेच नाही. ताबा लांबला तर तोही लांबला. महारेराच्या, म्हणजे राज्याच्या गृहप्रकल्प नियामकाच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची ताब्याची तारीख बघता येते आणि उशीर झाला तर बिल्डरकडून व्याज मागायचा हक्क रेरा कायद्याने दिलाय. पण हक्क मिळवायला तक्रार, तारखा, वाट बघणं, हे सगळं येतं, आणि दर महिन्याचं व्याज तोवर तुम्हीच भरायचं.

आणि याच दोन-तीन वर्षांत तुम्हाला बाळ हवंय. किती छान. त्या काळात तुमचा पगार वर्षभर थांबला तर घरात ६७ हजार येतील. ४३,३९१ चा हप्ता गेला की उरतात साडेतेवीस हजार, ३८,४४६ चा गेला की साडेअठ्ठावीस हजार. बाळ असलेल्या घरात दोन्ही ओढाताणीचेच. मुदत लांबवून तुम्हाला मिळतात पाच हजार. तुम्हाला गरज आहे त्यापेक्षा जास्त जागेची.

म्हणून माझं मत स्पष्ट सांगते. तो ५५ लाखांचा फ्लॅट पुन्हा बघून या, या वेळी सासू-सासऱ्यांना घेऊन. त्याला १३ लाख तुमचे, ४२ लाख कर्ज. मुद्रांक शुल्क ३ लाख ८५ हजार, नोंदणी ३० हजार, एजंटचे एक टक्क्याने ५५ हजार, सोसायटीची हस्तांतरण फी २५ हजार (त्याहून जास्त प्रीमियम सोसायटीला घेता येत नाही). पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घरावर जीएसटी नाही. एकूण जातात १७ लाख ९५ हजार. सोन्याला हात न लावता तुमच्याकडे ३ लाख शिल्लक राहतात. ४२ लाखांचा २० वर्षांचा हप्ता ३६,४४९. बँक तुम्हाला ३० वर्षांसाठी दाखवतेय त्या हप्त्यापेक्षा हा दोन हजारांनी कमी आहे! शिल्लक ३ लाख म्हणजे असे आठ हप्ते. आणि राहायला गेलात की पुढच्या महिन्यापासून भाडं बंद.

जुना फ्लॅट म्हणजे डोळे झाकून घ्या असं नाही. भोगवटा प्रमाणपत्र (इमारत राहण्यायोग्य असल्याचा पालिकेचा दाखला) आहे का, सोसायटी नोंदलेली आहे का आणि कन्व्हेयन्स, म्हणजे जमीन-इमारत सोसायटीच्या नावावर, झालंय का, आताच्या मालकाचं कर्ज असेल तर ते फेडून बोजा उतरवण्याची लेखी हमी, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला व्यवहाराचा उतारा), सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट, हे सगळं तुमचा स्वतःचा वकील तपासेल असं बघा. बँकेचा वकील बँकेसाठी तपासतो. लिफ्ट, पाण्याचा टँकर किती येतो, पार्किंग कागदावर आहे का, हे रविवारी सकाळी सोसायटीत जाऊन दोन-चार बायकांशी बोललात तर अर्ध्या तासात कळेल.

करार एकट्या तुमच्या नावावर केलात तर महाराष्ट्रात निवासी घरासाठी स्त्रियांना मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, इथे ५५ हजार. यजमानांचं नाव मालक म्हणून जोडलं की ती मिळत नाही. सहकर्जदार म्हणून मात्र ते राहू शकतात. हा निर्णय पैशापुरता नसतो, दोघांनी बसून ठरवा. करसवलतीसाठी कुठलाही निर्णय वाकवू नका. नव्या कररचनेत स्वतः राहायच्या घराच्या व्याजावर वजावट नाहीच, आणि जुन्या रचनेत ती वर्षाला २ लाखांपर्यंतच. तुम्ही बघताय त्या ५० लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षीच ४ लाख २१ हजार व्याज जातं. टॅक्स वाचतो म्हणून मुदत लांब ठेवा, असं कुणी सांगितलं तर त्याला हा आकडा दाखवा.

घर घेतल्यावर दोन-अडीच वर्षं शांतपणे ठरलेला हप्ता भरा, बाळाचं सगळं होऊ द्या. तुम्ही कामावर परत गेलात की दरवर्षी पगारवाढीनंतर हप्ता पाच टक्क्यांनी वाढवायचा अर्ज द्या. बँक हप्ता बदलत नसेल तर तेवढी रक्कम जादा भरा. पहिल्या वर्षापासून हे जमलं असतं तर ४२ लाखांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत फिटून व्याज साडेपंचेचाळीस लाखांवरून २९ लाखांच्या आसपास आलं असतं. तुम्ही उशिरा सुरू कराल, म्हणून एवढं नाही, पण मोठा हिस्सा नक्की वाचेल. तेही नाही जमलं, तर दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता. साडेआठ टक्क्यांच्या वीस वर्षांच्या कर्जातली तेवढ्यानेही तीन वर्षांहून जास्त मुदत कमी होते.

बँकेत सही करायच्या आधी की फॅक्ट स्टेटमेंट मागून घ्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक किरकोळ कर्जासाठी ते देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यागणिक परतफेडीचा तक्ता असतो. तो तक्ता घरी नेऊन सासऱ्यांबरोबर वाचा. त्यात विम्याचा एकरकमी प्रीमियम कर्जात मिळवलेला दिसला तर थांबा. दीड लाखाचा प्रीमियम कर्जात मिळवला की वीस वर्षांत तो ३ लाख १२ हजारांना पडतो. कर्ज असताना विमा हवाच, दोघांच्याही नावे हवा, पण साधा टर्म विमा वेगळा घ्या आणि त्याचा हप्ता वर्षाच्या वर्षी भरा. कर्ज हवं तर आमच्याकडचाच विमा घ्या, अशी सक्ती बँकेला करता येत नाही.

राहिला तुमचा भाऊ. त्याने याच आठवड्यात कर्जाचं ताजं विवरणपत्र काढावं. आतापर्यंत मुद्दल किती आणि व्याज किती वसूल झालं, किती हप्ते उरलेत, दर काय लागतोय, हे दर तिमाहीला कर्जदाराला कळवा, असं रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बँकांना आणि गृहवित्त कंपन्यांना बजावलंय. दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडायचा हक्कही त्याच परिपत्रकाने कर्जदाराला दिला. बहुतेकांना कुणी विचारलंच नाही, म्हणून मुदत वाढत गेली. कर्ज बँकेचं असेल तर ऑक्टोबर २०१९ नंतरचं आहे, म्हणजे रेपो किंवा तशा बाहेरच्या दराशी जोडलेलंच असणार. त्यावरचं स्प्रेड, म्हणजे बँक त्या दरावर वर लावते ते टक्के, आज नव्या ग्राहकाला लावतात त्यापेक्षा जास्त आहे का ते बघावं. असेल तर थोडी फी भरून दर कमी करून घेता येतो. गृहवित्त कंपनीचं असेल तर दर कंपनीच्या स्वतःच्या मापाने ठरतो, तेव्हा दर कमी झाल्याचा फायदा त्याच्यापर्यंत पोचलाय की नाही हे आधी तपासावं आणि नसेल तर कर्ज बँकेकडे वळवायची चौकशी करावी. अर्जात एक वाक्य मात्र ठळक लिहावं: दर कमी केल्यावर हप्ता कमी करू नये, उरलेली मुदत कमी करावी. अर्जाची पोच घेऊन ठेवावी, आणि पुढच्या तिमाहीच्या विवरणपत्रात उरलेल्या हप्त्यांची संख्या खरंच उतरलीय का, ते बघावं.